इत्तोचा हंबरडा

"ही बाई बहिरी आहे का गं?" इत्तोनं फदमाला विचारलं आणि फदमा हसत सुटली.

मी इत्तोच्या शालीखाली, गळ्यापाशी, माइक टाचत होते. कानांवर हेडफोन, खांद्याला टेपरेकॉर्डरची जाड पट्टी. आम्ही तिच्या मातीच्या घराच्या धाब्यावर उभ्या होतो. खाली अक्रोडाची झाडं, समोर अॅटलासचे उघडे, तांबूस डोंगर. मोरोक्कोच्या या कोपऱ्यात मला येऊन महिना होत आला होता आणि तिथल्या डोंगरी लोकांच्या अमाझिघ भाषेतला एकही शब्द मला धड उच्चारता येत नव्हता. माझं सगळं फदमावर चालायचं. फदमा त्याच गावची, शिकून शिक्षिका झालेली, आमच्या युनिटची दुभाषी.

"ती म्हणते," फदमानं मला इंग्रजीत सांगितलं, "बिचारी एवढ्या लांबून आली, आणि डबी लावल्याशिवाय हिला ऐकू येत नाही. तुझ्या कानांत घालायला ती लसणाचं तेल करणार आहे."

"कर म्हणावं," मी म्हटलं. "वयानुसार लागेलच."

इत्तोनं माझ्या गालाला हात लावला आणि मोठ्यानं, बहिऱ्याशी बोलतात तसं, काहीतरी म्हणाली. हेडफोनमध्ये माझे कान फुटायची वेळ आली.

"विदुलाबाई!" मागून आवाज आला. "झालं का? आज मला फक्त तुझे कान पाहिजेत."

हे अस्सल मराठीत. तुहामी सर्गिनी धाब्यावर चढून आला होता.

तुहामी माझा वर्गबंधू. पुण्याला आम्ही सिनेमा शिकत होतो तेव्हा तो शिष्यवृत्तीवर कासाब्लांकाहून आला. पहिल्या पावसाळ्यापर्यंत त्याला इंग्रजी नीट येत नव्हतं, पण मेसच्या सोनूबाईंचं मराठी मात्र त्यानं हुबेहूब उचललं होतं. 'आमटी संपली, आता काय माझं डोकं वाढू?' असं तो सोनूबाईंच्याच आवाजात म्हणायचा आणि स्वयंपाकघरातून सोनूबाई दचकून बाहेर यायच्या. प्राचार्यांचा आवाज काढून त्यानं एकदा वॉचमनला फोनवर झापलं होतं. कुणाचाही आवाज दोनदा ऐकला की तो त्याचा व्हायचा.

परत गेल्यावर त्यानं जे केलं ते ऐकूनच दम लागायचा. नाटकात कामं केली, टीव्हीवर विनोदी मालिका लिहिल्या, साबणाच्या जाहिराती केल्या. लग्नात वाजतील अशी गाणी रचली आणि स्वतःच गायली. वाळवंटावर माहितीपट काढला, मग गुंडांचा मारधाडीचा सिनेमा, मग नुसत्या शांततेवर एक लांबलचक सिनेमा, जो पॅरिसच्या लोकांना फार आवडला. पोस्टरं तो स्वतः रंगवायचा. तिकडे त्याला लाडानं 'सात हातांचा' म्हणत. आणि खरंच, त्याच्याबरोबर काम करताना असं वाटायचं की बाकीच्यांना देवानं हात देताना कंजुषी केली.

मला त्यानं मुंबईला फोन केला होता. "कॅमेरामन फ्रेंच आहे, पैसे बेल्जियमचे आहेत, पण कान पुण्याचेच पाहिजेत. येतेस?"

मी गेले. नाही म्हणण्यासारखं काही नव्हतंच त्यात.

सिनेमा एका आईचा होता. तिचा मुलगा चोरून, होडीत बसून स्पेनला निघतो आणि समुद्रात बुडतो. त्या वर्षांत तिकडे घरटी एक मुलगा तसा जात होता. आईच्या कामासाठी राजधानीतून एक नामवंत नटी आणली होती. पहिल्याच आठवड्यात तुहामीनं तिला परत पाठवलं. "ती पीठ मळते ना, तेव्हा तिचे हात अभिनय करतात," तो म्हणाला. "मला मळणारे हात पाहिजेत." आमचं सगळं युनिट जिच्या घरी जेवत होतं, त्या इत्तोला त्यानं कॅमेऱ्यासमोर उभं केलं.

इत्तो विधवा. तिचा एकुलता एक मुलगा मोहा खरोखरच स्पेनमध्ये होता. सुखरूप पोचला होता, कुठल्याशा शहराबाहेर प्लॅस्टिकच्या छताखाली टोमॅटो तोडत होता. कागदपत्रं नव्हती, त्यामुळे येता येत नव्हतं. एकदा आला की परत जाणं नाही. आठवडी बाजाराच्या दिवशी खालच्या वस्तीतल्या हद्दूच्या किराणा दुकानात त्याचा फोन यायचा. कधी यायचा, कधी नाही. दर बाजाराला इत्तो धुतलेली शाल घालून दुकानासमोर पोत्यावर जाऊन बसायची.

हे सगळ्या युनिटला माहीत होतं. तुहामीला तर होतंच.

इत्तो काम छान करायची, कारण ती काम करत नव्हतीच. पाणी आण म्हटलं की आणायची. भिंतीकडे बघ म्हटलं की, "काय आहे भिंतीवर?" असं विचारून बघायची. फक्त एक गोष्ट तिनं पहिल्या दिवशीच सांगून टाकली होती. शेवटच्या प्रसंगात मुलगा गेल्याची बातमी येते आणि आई रडते, हे फदमानं तिला समजावलं, तेव्हा तिनं हातातली परात खाली ठेवली.

"ते नाही," ती म्हणाली.

"खोटं असतं ते, लल्ला," तुहामी म्हणाला. मोठ्या बाईला तिकडे मानानं लल्ला म्हणतात. त्यानं तोवर तिची भाषाही बोलण्यापुरती उचलली होती. "सिनेमातला मुलगा. त्याचं नाव हसन."

"नाव काही असो. माझा मुलगा जिवंत आहे. जित्या मुलाच्या नावानं मी गळा काढणार नाही. बाकी काय सांगशील ते करते. गाढवावर उलटी बस म्हण, बसते."

सगळे हसले. तुहामीनं वाकून तिच्या डोक्याचं चुंबन घेतलं. "नको रडूस," तो म्हणाला. "तुला कोण रडवणार?"

संध्याकाळी अंगणात पुदिन्याचा चहा व्हायचा, तेव्हा तो गावातल्या एकेकाच्या नकला करायचा. बांग देणारा म्हातारा, मास्तर, गाढव, खुद्द इत्तो. इत्तो डोळे पुसत हसायची. एकदा तो नकला मधेच सोडून भिंतीपलीकडे गेला आणि हद्दू किराणावाल्याच्या घोगऱ्या आवाजात ओरडला, "लल्ला इत्तो, फोन आलाय! मोहाचा फोन!" इत्तो अनवाणी धावत सुटली. उतारावरून पार ओढ्यापर्यंत गेली. परत आली ती धापा टाकत, पायाला काटे. तुहामीनं तिच्यासमोर गुडघे टेकून स्वतः काटे काढले, हात जोडले, तिला हसवलं. तिनंही हसून त्याच्या पाठीत धपाटा घातला. मला मात्र चहा गोड लागेना. पण ते तेवढ्यावरच राहिलं.

आणि मग ती धाब्यावरची सकाळ.

"आज रडायबिडायचं काही नाही," तुहामीनं इत्तोला सांगितलं. "जव निवडत बस. मी किनाऱ्याकडून आलेला पाहुणा. तुझ्याजवळ बसेन, दोन शब्द बोलेन. तुला जे वाटेल ते बोल."

सिनेमात तो स्वतः त्या पाहुण्याचं काम करत होता. मळकट जेलाबा, म्हणजे तिकडचा पायघोळ अंगरखा, घातलेला, खांद्यावर झोळी. कॅमेरामनला त्यानं फ्रेंचमध्ये काहीतरी सांगितलं. कॅमेरामननं मान हलवली आणि कॅमेरा खांद्यावर घेतला. शांतपणे बसण्याच्या दृश्याला कॅमेरा खांद्यावर कशाला, असं माझ्या मनात आलं. विचारलं नाही, कारण तेवढ्यात वारा पडला आणि मी टेप सुरू केली.

माझ्या कानांत सूप होतं. जव सुपात वर उडत होते, खाली पडत होते. इत्तोचा श्वास. तुहामीची पावलं आली, तो बसला. पाण्याचा घोट. मग त्याचा आवाज, अगदी खाली आलेला, थकलेला, मी कधी न ऐकलेला. तीनचार वाक्यं बोलला असेल.

सूप थांबलं.

इत्तोनं काहीतरी विचारलं. एकच शब्द. त्यानं मान खाली घातली आणि झोळीतून एक ओली, चुरगळलेली लोकरी टोपी काढून तिच्या मांडीवर ठेवली.

त्यानंतर माझ्या कानांत जे आलं, त्याला मराठीत हंबरडा म्हणतात, आणि हा शब्द अपुरा आहे. आधी नुसती हवा आत ओढल्याचा आवाज झाला. तो संपेचना. मग ते सुरू झालं. माझ्या रेकॉर्डरचा काटा थेट टोकाला जाऊन आपटला, मी चाचपडत आवाज खाली आणला. इत्तो उठली, पडली, पुन्हा उठली. दोन्ही हातांच्या नखांनी तिनं स्वतःचे गाल ओरबाडले आणि त्या ओरखड्यांतून रक्त आलं. ती धाब्याच्या कडेला धावली, तसा कॅमेरामन तिच्या मागे धावला. तुहामी अजून पाहुणाच होता. तो तिच्या पाठोपाठ, बरोबर प्रकाशात राहून, हात पसरून चालत होता.

फिल्म संपली. कॅमेऱ्याचा तो फडफड आवाज मला कळतो.

"कट," तुहामी म्हणाला. सहायकांपैकी कुणीतरी टाळी वाजवली. मग सगळ्यांनीच. माझ्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. इतका खरा आवाज मी आयुष्यात टेपवर घेतला नव्हता, आणि मला वाटलं, बाईनं कमाल केली, शेवटी मानली, आणि काय मानली!

"मिळालं?" तुहामीनं मला विचारलं. त्याचे डोळे चमकत होते.

"मिळालं," मी म्हटलं.

पण इत्तो थांबत नव्हती. कट म्हटल्यावरही थांबत नव्हती. शेजारच्या धाब्यांवरून बायका वाकून बघत होत्या, मग त्यांतल्या एकीनं तसाच सूर लावला, मग दुसरीनं. मी फदमाला शोधलं. ती जिन्याच्या तोंडाशी भिंतीला धरून उभी होती आणि तिच्या पायाशी ती ओकली होती.

"फदमा, काय झालं? काय बोलला तो?"

तिनं शालीच्या टोकानं तोंड पुसलं. "सिनेमातल्या मुलाचं नाव काय?"

"हसन."

"तो हसन म्हणाला नाही. मोहा म्हणाला. म्हणाला, लल्ला, मी आता काम करत नाहीये. शहरातून निरोप आलाय. मोहा परत यायला निघाला होता, तुला न सांगता, होडीनं. होडी उलटली." तिनं माझ्याकडे पाहिलं. "इत्तोनं विचारलं, 'माझा?' आणि त्यानं ती टोपी दिली. तसली टोपी ती दरवर्षी मोहासाठी विणते. खालच्या खोलीत खुंटीवर होती. त्यानं ती पाण्यात बुडवून आणली."

मी हेडफोन काढले. काढल्यावरही तोच आवाज.

तुहामी तोवर इत्तोपाशी गेला होता. दोन्ही हात तिच्या खांद्यांवर ठेवून, हसत, तिला हलवत काहीतरी पुन्हा पुन्हा सांगत होता. "तो सांगतोय, खोटं होतं," फदमा म्हणाली. "मोहा जिवंत आहे, हा सिनेमा होता."

इत्तोनं रडणं थांबवून त्याच्याकडे बघितलं. फार वेळ. मग त्याचे हात आपल्या खांद्यांवरून एकेक करून उचलून बाजूला केले, आणि पुन्हा सुरू झाली. तिचा हिशोब सोपा होता. पहिल्यांदा तो सांगताना रडवेला होता. आता हसत होता. तिला पहिला तुहामी खरा वाटला.

दुपारी त्यानं मेंढा कापवला.

शॉट मिळाला म्हणून युनिटला मेजवानी. शेवटचाच मोठा प्रसंग होता, उद्या गाड्या निघायच्या होत्या. अंगणात गालिचे अंथरले. मधोमध परातीत अख्खी भाजलेली तंगडी, चरबी अजून चुरचुरत होती, वर जिऱ्यामिठाची पूड. इत्तोला बायकांनी शेजारच्या घरात नेलं होतं. मधे एक भिंत. बायकांचे सूर येत होते आणि त्यांच्या वर मधूनच तिचा एकटीचा. युनिटमधले काहीजण खाली मान घालून जेवत होते, काही नुसतेच बसले होते. तुहामी मात्र बोटांनी मांस सोडवत होता, हाडाजवळचे मऊ तुकडे पाहुण्यासारखे माझ्या पुढ्यात ठेवत होता. त्याच्या मनगटापर्यंत तेल ओघळलं होतं.

"खा ना," तो म्हणाला. "पुण्यात मटणासाठी जीव टाकायचीस."

"तुला ऐकू येतंय का?"

"हो," तो म्हणाला. आणि खरंच कान देऊन ऐकलं. "आता गळा बसलाय. पहिला घेतला तोच बरोबर होता."

मी उठले.

"बस गं विदुला. मला कळतंय तुला काय वाटतंय. उद्या-परवा बाजार आहे, मुलाचा फोन येईल, ती हसेल. चार दिवसांचं दुःख. आणि हा सिनेमा? तिच्यासारख्या हजार बायकांचं रडणं जगाला ऐकू जाईल. कुणी ऐकतं का त्यांचं? मी ऐकवणार आहे."

"तिनं नाही म्हटलं होतं."

"सगळेच आधी नाही म्हणतात," तो म्हणाला आणि बोटं चोखली.

माझा रेकॉर्डर तिथंच, ओट्यावर होता. मी झाकण उघडलं, सकाळचं रीळ काढलं आणि टेप ओढायला लागले. ओढत गेले. तपकिरी फीत हातातून सुटून अंगणात पसरत गेली, कोंबड्यांच्या पायांत गेली. तिचे तुकडे करून मी मेंढा भाजलेल्या भट्टीत टाकले. अंगणभर प्लॅस्टिक जळल्याचा घाणेरडा वास सुटला. मला वाटलं, आता तो अंगावर येईल. यावा, असंच वाटत होतं.

तुहामी आला नाही. तेलकट हात हवेत धरून, मान किंचित कलती करून तो माझ्याकडे बघत होता. एक डोळा बारीक केलेला. त्या नजरेला मी पुण्यापासून ओळखत होते. तो कॅमेऱ्याची चौकट लावत होता.

"रागावलीस की तुझा जबडा असा पुढे येतो," तो हळूच म्हणाला. "इतकी वर्षं मला माहीतच नव्हतं. तुला काम द्यायला हवं होतं."

दुसऱ्या दिवशी सकाळी गाड्या गेल्या. तो जाताना इत्तोला भेटायला गेला होता, बायकांनी त्याला दारातूनच परतवलं, असं कळलं. मी गाड्यांबरोबर गेले नाही. फदमाच्या घरी राहिले. मोहाला कळवायचा काहीच मार्ग नव्हता. तो राहायचा तिथे फोन नव्हता, तोच कुठल्यातरी टपरीवरून करायचा. बाजारच्या दिवसापर्यंत वाट बघायची, एवढंच हाती होतं.

इत्तोनं पांढरे कपडे घातले. तिकडे नवरा गेला की घालतात. मुलासाठी घालत नाहीत, फदमा म्हणाली, पण तिला कोण सांगणार. गालांवर खपल्या धरल्या होत्या. फदमा रोज जाऊन शपथेवर सांगायची की मोहा जिवंत आहे. इत्तो तिचं ऐकून घ्यायची, तिच्या हातावर थोपटायची आणि म्हणायची, "तू चांगली मुलगी आहेस. तुलाही त्यानं फसवलं."

बाजारच्या दिवशी आम्ही तिला जवळजवळ उचलूनच हद्दूच्या दुकानात नेलं. नेहमीच्या पोत्यावर ती बसेना, उभी राहिली. दुकानात ही गर्दी. सगळ्या वस्तीला कळलं होतं. दुपार उतरायला लागली, लोक पांगायला लागले, आणि फोन वाजला.

हद्दूनं उचलला. ऐकलं. आणि त्याचा घोगरा आवाज फाटला. "मोहा! अरे मोहा!" तो रडत रडत ओरडला. "इत्तो, ये, मोहा आहे, तुझा मोहा!"

फदमानं माझा हात इतका घट्ट धरला की नखं रुतली. इत्तो पुढे आली. रिसीव्हर कानाला लावला. पलीकडून एक तरुण आवाज येत होता, मला बाहेरही ऐकू येत होता. इम्मा, इम्मा. म्हणजे आई. एवढा एक शब्द मलाही कळत होता.

तिनं सगळं ऐकलं. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही. मग शांतपणे बोलली. फदमानं मला नंतर सांगितलं ते असं.

"बास झालं आता," ती म्हणाली. "तुझा सिनेमा संपला ना? मग जा आपल्या घरी. माझ्या मुलाचा आवाज तरी त्याला ठेव."

आणि रिसीव्हर ठेवून दिला.

फोन पुन्हा वाजला. हद्दूनं पुन्हा उचलला, तिच्यापुढे धरला, देवाची शपथ घेतली, मेलेल्या बापाची घेतली. तिनं त्याच्याकडे दयेनं बघितलं.

"हद्दू," ती म्हणाली, "तुलाही घेतलं का त्यानं सिनेमात?"

मी तिच्यासमोर गेले. मला तिची भाषा येत नव्हती, तिला माझी. मी नुसतं रिसीव्हरकडे बोट दाखवून म्हटलं, "मोहा. मोहा." तिनं माझ्या मोकळ्या कानांकडे बघितलं, हात लावला, आणि काहीतरी म्हणून निघून गेली. मी फदमाला विचारलं. फदमा सांगेना. फार मागे लागले तेव्हा म्हणाली, "ती म्हणाली, हिला ऐकू येत होतं की."

मला विमान गाठणं भाग होतं. पुढचं मला फदमानं वेळोवेळी फोनवर सांगितलं. मोहानं आणखी दोन बाजार फोन केला. इत्तो दुकानाकडे फिरकली नाही. ती जेवणं सोडत चालली होती. मग मोहानं ते टोमॅटोचं काम सोडलं, एवढ्या धोक्यानं मिळवलेला तो किनारा सोडला, आणि परत आला. पुन्हा जाणं त्याला जमलं नाही. आता तो गावातच अक्रोड झोडपतो.

तो दारात उभा राहिला तेव्हा इत्तो चुलीपाशी होती. तो "इम्मा" म्हणाला. तिनं उत्तर दिलं नाही. त्या आवाजावर तिचा विश्वास उरला नव्हता. तिनं त्याला खूण करून बसायला सांगितलं, जसं कुणाही वाटसरूला सांगते, आणि त्याच्यापुढे भाकरी आणि तेलाची वाटी ठेवली. मग समोर बसून, तोंडातून शब्द न काढता, तो जेवताना बघत राहिली. त्यानं भाकरी कशी मोडली, तेलात कशी बुडवली, कडा आधी खाल्ल्या की मऊ भाग. अख्खी भाकरी संपेपर्यंत. मग उठून तिनं त्याचं डोकं पोटाशी धरलं. तेव्हाही ती रडली नाही. रडणं संपलेलं होतं, फदमा म्हणाली.

सिनेमा आला. गाजला. मी तो टाळत राहिले. आठेक वर्षांनी गोव्यात एका महोत्सवात तुहामीच्या सगळ्या कामाचा गौरव होता, आणि मी तिथे दुसऱ्या कामासाठी गेलेली. त्याचा सिनेमा बघायला गेले नसते. पण मी जाळलेल्या आवाजाच्या जागी त्यानं काय घातलं, हा प्रश्न मला वर्षानुवर्षं खात होता. मी मागच्या रांगेत अंधारात जाऊन बसले.

पडद्यावर धाबं आलं. जव आले. ओली टोपी आली. आणि हवा आत ओढल्याचा तो आवाज आला, संपता न संपणारा. मग हंबरडा. श्वासाला श्वास, फाटलेल्या जागी फाटलेला. प्रेक्षागृहात हुंदके ऐकू यायला लागले. आजूबाजूला कुणी शंकाही घेतली नसती. पण मी तो खरा आवाज कानांत घेऊन जगत होते. हा इत्तोचा नव्हता. हा कुण्या बाईचाही नव्हता. स्टुडिओत माइकसमोर उभं राहून, एकदा ऐकलेलं डोक्यातून बाहेर काढून, तुहामीनं तो स्वतःच्या गळ्यातून काढला होता.

बाहेर आले तर तो दारातच, गराड्यात. केस पिकलेले, अंगावर सुंदर सुती सदरा. मला बघून त्यानं सगळ्यांना बाजूला सारलं.

"विदुलाबाई! कसा झाला आवाज? खरं सांग. तुझ्याशिवाय कुणाला विचारू?"

"मोहा परत आला," मी म्हटलं. "तुला माहीत आहे?"

"कोण मोहा?"

मी सांगितलं. दुकान, फोन, ती काय म्हणाली ते. वाटलं होतं, कुठेतरी काहीतरी हलेल. तो ऐकताना पुढे पुढे सरकत गेला. त्याचा एक डोळा बारीक होत गेला.

"तिला वाटलं, मी आहे? मुलाच्या आवाजात मी?" त्यानं माझा दंड धरला. "हे मला कुणी सांगितलं कसं नाही? अगं, हाच तर सिनेमा आहे! तो तर नुसता अर्धा होता. मग? तो घरी आला, तेव्हा? तिनं काय केलं?"

"माहीत नाही."

"तुला माहीत आहे. तुझा जबडा सांगतोय." तो मागे सरला आणि लोकांनी आपोआप त्याला जागा करून दिली. "थांब. किंचाळून मिठी मारली? अशी?" आणि त्या संगमरवरी दालनात, पंख्याच्या वाऱ्यात, तो इत्तो झाला. खांदे पडले, पोट सुटलं, हात पिठाचे झाले. त्यानं मिठी मारली. माझ्याकडे बघितलं. "नाही. मारलं त्याला? थोबाडात?" त्यानं मारलं. त्याचा हात हवेत थरथरला; कुणीतरी वाहवा म्हणालं. "तेही नाही."

मग तो थांबला. डोळे मिटले. उघडले तेव्हा तोंड घट्ट बंद होतं. जमिनीवर मांडी घालून तो बसला, न दिसणाऱ्या कुणासमोर न दिसणारं काहीतरी हळूच सरकवलं, हात मांडीवर घेतले, आणि एक अक्षर न बोलता समोर बघत राहिला. कुणीतरी खातंय आणि आपण तपासतोय, असं.

मी दात दातांवर ठेवले, जबडा हलू दिला नाही, आणि तो खालून माझ्या चेहऱ्याकडे बघत असताना, नाही म्हणून मान हलवली.